अनवाणी चालणारा पाय

स्वातंत्र्योत्तर भारतात घडलेल्या वस्तूंमध्ये ‘जयपूर फूट’ या कृत्रिम पायाचे स्थान वेगळे आहे. तो कोणत्याही कारखान्याच्या संशोधन विभागात जन्मला नाही, डिझाइन शिकवणाऱ्या संस्थेतही नाही. १९६८ च्या सुमारास जयपूरच्या सवाई मानसिंग या सरकारी रुग्णालयात एक शल्यचिकित्सक आणि एक कारागीर यांच्या दीर्घ सहवासातून तो आकाराला आला. एखादी वस्तू कोणासाठी, कशापासून आणि कोणत्या रीतीने करायची याचा जाणीवपूर्वक केलेला विचार म्हणजे डिझाइन, असे मानले तर या पायाचे डिझाइन रबराचा पहिला तुकडा कापला जाण्याच्या बरेच आधी सुरू झाले होते. पाय गमावलेली माणसे काय सांगतात ते ऐकून घेण्याची तयारी डॉक्टरांनी दाखवली आणि आपल्यापेक्षा फार कमी शिकलेल्या माणसाला त्यांनी बरोबरीचा सहकारी मानले, तिथे त्याचा खरा आरंभ आहे. दुःखाच्या काळात माणसाला उभारी कशाने येते या प्रश्नाचे या पायाच्या इतिहासाइतके ठोस उत्तर क्वचितच सापडते, म्हणून तो इतिहास तपशिलात जाऊन पाहण्यासारखा आहे.

डॉ. प्रमोद करण सेठी यांचा जन्म १९२७ मध्ये वाराणसीत झाला. वैद्यकीय शिक्षण आग्र्याला आणि शल्यचिकित्सेतील पुढचे शिक्षण एडिंबरोला पूर्ण करून ते जयपूरला आले आणि पुढे तेथील अस्थिव्यंग विभागाची, म्हणजे हाडे, सांधे व अवयवांच्या विकृतींवर उपचार करणाऱ्या विभागाची, जबाबदारी त्यांच्याकडे आली. या विभागात येणाऱ्यांमध्ये पोलिओने पाय लुळे पडलेली मुले होती आणि अपघातात किंवा जखम चिघळल्यामुळे पाय कापावा लागलेले शेतकरी, मजूर व गाडीवानही होते. पाय कापण्याची शस्त्रक्रिया जिल्ह्याच्या ठिकाणीही होत असे. मात्र कापलेल्या पायाच्या जागी दुसरा पाय बसवण्याची सोय देशात फारच थोड्या ठिकाणी होती. त्यात सर्वांत नावाजलेले होते पुण्यातील लष्कराचे कृत्रिम अवयव केंद्र. दुसऱ्या महायुद्धात जखमी झालेल्या सैनिकांसाठी ते १९४४ मध्ये सुरू झाले होते आणि तेथील काम उत्तम दर्जाचे होते, परंतु राजस्थानातल्या खेड्यातून पुण्याला जाणे, तिथे आठवडेच्या आठवडे राहणे आणि पुढे दुरुस्तीसाठी पुन्हा तोच प्रवास करणे हातावर पोट असणाऱ्या माणसाला परवडण्यासारखे नव्हते.

अडचण केवळ अंतराची असती तर जयपुरात दुसरे केंद्र उघडून ती सुटली असती. परंतु अशा खटाटोपाने पाय मिळवलेली माणसेही काही महिन्यांनी पुन्हा कुबड्यांवर चालत रुग्णालयात येत आणि मिळालेला पाय घरी कोपऱ्यात पडून असल्याचे सांगत, ही गोष्ट सेठींना अस्वस्थ करत होती. अशा वेळी रुग्णालाच दोष देण्याची सवय वैद्यकात जुनी आहे. रुग्ण अडाणी आहे, त्याला सराव नको आहे, तो हट्टी आहे, असा शेरा मारून मोकळे होणे सोपे असते. सेठींनी मात्र त्याच माणसांना विचारले की पाय का काढून ठेवला, आणि जी उत्तरे मिळाली ती कोणत्याही पाठ्यपुस्तकात नव्हती. हा पाय बूट घातल्याशिवाय वापरता येत नाही आणि बूट घालून चिखलात, पाण्याने भरलेल्या वाफ्यात उतरता येत नाही. बूट घालून देवळात जाता येत नाही, स्वयंपाकघरात तर नाहीच. जमिनीवर पंगतीला बसता येत नाही, मांडी घालता येत नाही, शौचाला उकिडवे बसता येत नाही. शेताच्या बांधावरून चालताना पाऊल वाकडे पडले की माणूस कोलमडतो. आणि बूट फाटला की नवा घ्यायला पैसे नसतात. थोडक्यात, तो पाय खुर्चीवर बसणाऱ्या, सपाट रस्त्यावर चालणाऱ्या आणि वर्षभर बूट घालणाऱ्या माणसाचा होता.

त्या काळी जगभर प्रचलित असलेल्या या पावलाला इंग्रजी आद्याक्षरांवरून ‘सॅच’ असे म्हणत. घोटा घट्ट आणि टाच मऊ, अशी त्याची रचना सांगता येईल. दुसऱ्या महायुद्धानंतर अमेरिकेत कॅलिफोर्निया विद्यापीठातील संशोधनातून ते विकसित झाले. त्याच्या आत घोट्यापासून बोटांच्या मुळापर्यंत लाकडाचा एक ताठ कणा असतो, टाचेत स्पंजासारख्या रबराची पाचर असते आणि संपूर्ण पाऊल बोल्टने नडगीच्या भागाला पक्के जोडलेले असते. पाऊल टेकताना टाच दबते आणि चालणे बऱ्यापैकी नैसर्गिक दिसते, पण घोट्यात हालचाल जवळजवळ नसते. उकिडवे बसताना नडगी पावलावर पुढे झुकावी लागते, मांडी घालताना पावलाचा चवडा आत वळावा लागतो आणि ओबडधोबड जमिनीवर पाऊल दोन्ही बाजूंना कलावे लागते. या तिन्ही हालचालींच्या आड तो लाकडी कणा येत होता. अभियांत्रिकीच्या दृष्टीने त्यात कोणतीही चूक नव्हती, फक्त ज्यांच्या जगण्याचा त्यात विचार झाला होता ती माणसे वेगळी होती.

इथे रामचंद्र शर्मा यांचा प्रवेश होतो. ते परंपरागत कारागिरांच्या घराण्यातले होते, शालेय शिक्षण चौथीपर्यंतचे होते आणि रुग्णालयात ते रुग्णांना हस्तकला शिकवण्याच्या कामावर होते. लोक त्यांना ‘मास्टरजी’ म्हणत. लाकूड, धातू, माती यांपैकी कोणत्याही पदार्थातून हुबेहूब आकार काढण्याचे कसब त्यांच्या हातात होते. रुग्णालयाच्या वावरात पाय गमावलेली माणसे रोज नजरेसमोर असल्याने, आपण हुबेहूब पायासारखा पाय करू शकू असे त्यांना वाटू लागले. त्या काळच्या सरकारी रुग्णालयात विभागप्रमुख आणि हस्तकलेचा शिक्षक यांच्यामध्ये पगार, शिक्षण, भाषा आणि प्रतिष्ठा यांचे किती अंतर होते हे लक्षात घेतले, तर सेठींनी या माणसाला कार्यशाळेत शरीररचना समजावून सांगावी आणि त्याच्याकडून साचे, ओतकाम व रबर यांचे ज्ञान घ्यावे, यातले वेगळेपण ध्यानात येते. घोट्यात कोणते सांधे असतात, भार कुठून कुठे जातो, कापलेल्या पायाच्या उरलेल्या भागावर कुठे दाब चालतो आणि कुठे चालत नाही हे डॉक्टरांना ठाऊक होते. एखादा पदार्थ किती वाकेल, कुठे फाटेल, कशाला चिकटेल हे कारागिराला ठाऊक होते. दोघांपैकी एकट्याला हा पाय करता आला नसता. त्यांच्याबरोबर डॉ. एस. सी. कासलीवाल आणि डॉ. महेश उदावत या सहकाऱ्यांचाही या कामात वाटा होता, आणि तो अनेकदा सांगायचा राहून जातो.

रबराकडे लक्ष कसे गेले याविषयीची हकिकत प्रसिद्ध आहे. शर्मा सायकलवरून रुग्णालयात येत असताना चाक पंक्चर झाले आणि दुकानात थांबले असता तिथे ट्रकचे झिजलेले टायर रिमोल्ड करण्याचे, म्हणजे त्यांवर रबराचा नवा थर चढवण्याचे काम चालू असलेले त्यांनी पाहिले. कच्च्या रबरात गंधक मिसळून त्याला साच्यात दाबाखाली उष्णता दिली की ते चिवट, लवचीक आणि पाण्याला दाद न देणारे होते. या क्रियेला व्हल्कनायझेशन म्हणतात आणि ती अवगत असलेले कारागीर भारतातल्या प्रत्येक हमरस्त्यावर होते. म्हणजे जी क्रिया लागणार होती ती परदेशातून आणायची नव्हती, ती शहराच्या वेशीवर रोज चालू होती. पायाचा साचा करून त्यात रबर भरून घेतलेले पहिले पाऊल दिसायला उत्तम होते, परंतु ते फार जड आणि ताठ निघाले. त्यानंतर कित्येक महिने पाऊल करायचे, रुग्णाला घालून चालवायचे, ते कुठे फाटते ते पाहायचे आणि पुन्हा करायचे, असा क्रम चालला, आणि त्यातून जी रचना स्थिरावली ती मूळ स्वरूपात आजही टिकून आहे.

या पावलाच्या आत तीन ठोकळे असतात. टाचेचा आणि चवड्याचा ठोकळा स्पंजासारख्या सूक्ष्म पोकळ्यांच्या रबराचा असतो आणि घोट्याचा ठोकळा लाकडाचा. सॅचमधला लांब कणा इथे आखूड होऊन फक्त घोट्यापुरता उरतो, आणि सारी किमया या आखूड होण्यातच आहे, कारण लाकूड मागे हटल्याबरोबर त्याच्या पुढचे व खालचे रबर कोणत्याही दिशेला वळायला मोकळे होते. या ठोकळ्यांवर टायरमध्ये वापरतात तशा दोऱ्यांनी बळकट केलेल्या रबराच्या पट्ट्या गुंडाळतात, सर्वांत वर कातडीच्या रंगाच्या रबराचा थर देतात आणि मग हे सगळे ॲल्युमिनियमच्या साच्यात घालून भट्टीत ठेवतात. साच्यातून निघते ते बोटे असलेले, नखांच्या रेषा असलेले एक अखंड पाऊल. त्याला बूट लागत नाही, ते पाण्यात भिजले तरी बिघडत नाही, चिखलातून आल्यावर दुसऱ्या पायाबरोबर तेही धुता येते. पायाची बोटे हवीतच कशाला, असा प्रश्न केवळ उपयुक्ततेचा विचार करणाऱ्याला पडेल. परंतु अनवाणी चालणाऱ्या समाजात पाऊल हा चेहऱ्याइतकाच उघडा अवयव असतो आणि चारचौघांत बसल्यावर आपल्या पायाकडे कोणी वळून पाहू नये ही इच्छा क्षुल्लक नसते. सेठी आणि शर्मा यांनी ती इच्छा गरजेच्या यादीत धरली, यात त्यांची माणसाविषयीची समज दिसते.

याच कालखंडात भारतात आधुनिक डिझाइनची संस्थात्मक पायाभरणी होत होती. चार्ल्स आणि रे इम्स या अमेरिकन दांपत्याने १९५८ मध्ये भारत सरकारला सादर केलेल्या अहवालात आपल्या घराघरांतल्या लोट्याचे मोठ्या आदराने विवेचन केले होते, आणि त्या अहवालाच्या प्रेरणेने १९६१ मध्ये अहमदाबादला राष्ट्रीय डिझाइन संस्था स्थापन झाली. एखादी वस्तू कोण वापरणार, ती कशी उचलणार, कशी धुणार, ती दुरुस्त कोण करणार, असे प्रश्न लोट्याच्या निमित्ताने त्या अहवालात विचारलेले होते. जयपूरच्या कार्यशाळेत, त्या अहवालाशी काही संबंध नसताना, जवळपास त्याच प्रश्नांची उत्तरे शोधली जात होती, ही डिझाइनच्या अभ्यासकांनी अधिक गांभीर्याने घ्यावी अशी बाब आहे.

पाय तयार झाला तरी पहिली काही वर्षे तो मोजक्याच लोकांपर्यंत पोहोचला, कारण चांगली वस्तू आणि ती हवी असलेला माणूस यांची गाठ घालून देण्यासाठी वेगळीच व्यवस्था लागते. ती व्यवस्था उभी करणारे देवेंद्र राज मेहता हे भारतीय प्रशासकीय सेवेतले अधिकारी होते. १९६९ मध्ये राजस्थानात झालेल्या मोटार अपघातात त्यांच्या पायाच्या हाडांचा चुराडा झाला, पाय कापावा लागेल अशी स्थिती होती, आणि तो वाचला तरी अंथरुणावर काढलेल्या महिन्यांत, ज्यांच्यामागे पद, पैसा किंवा ओळख नाही त्यांचे अशा वेळी काय होत असेल हा विचार त्यांच्या मनात घर करून राहिला. भगवान महावीरांच्या पंचवीसशेव्या निर्वाण महोत्सवाच्या पार्श्वभूमीवर त्यांनी १९७५ मध्ये जयपुरात भगवान महावीर विकलांग सहायता समिती स्थापन केली. पुढे ते मुंबईत सेबीचे, म्हणजे भांडवली बाजाराचे नियमन करणाऱ्या संस्थेचे अध्यक्ष झाले, तरी समितीचे काम त्यांनी सोडले नाही. समितीने आजवर कृत्रिम पाय, पोलिओग्रस्तांसाठीचे कॅलिपर, कुबड्या, तीनचाकी सायकली अशी साधने मिळून वीस लाखांहून अधिक लोकांना मदत पोहोचवली आहे.

या आकड्यापेक्षाही समितीने घालून दिलेली रीत अधिक बोलकी आहे. केंद्रात येणाऱ्याने आधी वेळ ठरवून यावे अशी अट नाही. माणूस रात्री-अपरात्री आला तरी त्याला आत घेतले जाते, त्याच्या आणि सोबत आलेल्या नातेवाइकाच्या राहण्या-जेवणाची सोय होते आणि पैसे घेतले जात नाहीत. दुसऱ्या दिवशी काम सुरू होते. कापलेल्या पायाच्या उरलेल्या भागाला, ज्याला तंत्रज्ञ ‘स्टंप’ म्हणतात, ओल्या प्लास्टरच्या पट्ट्या गुंडाळून त्याचा ठसा घेतला जातो, आणि त्या पोकळ ठशात प्लास्टर ऑफ पॅरिस ओतून हुबेहूब प्रतिकृती तयार होते. मग तंत्रज्ञ कानशीने ती प्रतिकृती घासू लागतो. गुडघ्याच्या वाटीखालचा पट्टा भार सहन करतो, म्हणून तिथे थोडे प्लास्टर काढून टाकायचे. नडगीची धार आणि बाहेरच्या बाजूचे हाडाचे टोक दाब सोसत नाही, म्हणून तिथे थोडे वाढवायचे. मापाच्या पट्टीपेक्षा अंगठ्याच्या स्पर्शावर चालणारे हे काम आहे आणि पुढची काही वर्षे तो पाय सुखाने वापरला जाईल की टोचेल हे बहुतांशी या अर्ध्या तासात ठरते.

पूर्वी नडगीचा भाग ॲल्युमिनियमचा पत्रा ठोकून केला जाई आणि त्यासाठी धातूकाम करणाऱ्या पारंपरिक कारागिरांचे हात उपयोगी पडले. नंतर शेतात पाणी नेण्यासाठी वापरतात त्या जाड पॉलिइथिलीनच्या पाइपचा उपयोग सुरू झाला. पाइपचा तुकडा भट्टीत मऊ होईपर्यंत तापवतात, प्लास्टरच्या प्रतिकृतीवर ओढतात, पंपाने आतली हवा काढून तो घट्ट बसवतात आणि थंड झाल्यावर कडा कापून खालच्या टोकाला रबरी पाऊल स्क्रूने जोडतात. त्यानंतर दोन समांतर दांड्यांमध्ये चालण्याचा सराव होतो. पहिल्या फेरीत बहुतेक जण दांड्या घट्ट धरून खाली पाहत चालतात, तंत्रज्ञ पावलाचा कोन जरासा बदलतो, पुन्हा चालायला लावतो, मग दांड्या सोडायला सांगतो. गुडघ्याखालचा पाय असेल तर सकाळी कुबड्यांवर आलेला माणूस अनेकदा त्याच दिवशी स्वतःच्या दोन पायांवर बाहेर पडतो. या वेगामागे कारण आहे. ज्याची मजुरी बुडते आहे आणि ज्याच्यासोबत आलेल्याचीही बुडते आहे, त्याच्यासाठी ‘पुढच्या महिन्यात या’ हे उत्तर नकारासारखेच असते.

मराठी वाचकांना या पायाची ओळख बहुधा सुधा चंद्रन यांच्यामुळे झाली. मुंबईत वाढलेल्या या भरतनाट्यम नर्तिकेचा १९८१ मध्ये, वयाच्या सोळाव्या वर्षाच्या आसपास, तिरुचिरापल्लीजवळ बस अपघात झाला आणि उजवा पाय गुडघ्याखाली कापावा लागला. त्याच वर्षी डॉ. सेठींना सामाजिक नेतृत्वासाठीचा रॅमन मॅगसेसे पुरस्कार मिळाला होता. त्याविषयी वाचून सुधाबाईंनी त्यांच्याशी संपर्क साधला. साध्या चालण्यासाठी केलेले पाऊल नृत्याला पुरणार नव्हते, कारण भरतनाट्यममध्ये गुडघे बाहेर वळवून अर्धे बसावे लागते आणि तळपाय जमिनीवर जोराने आपटावा लागतो. सेठींनी तिच्या हालचाली पाहून पायात फेरबदल केले. तिने वेदना, रक्त, सूज सोसून सराव केला. आणि जानेवारी १९८४ मध्ये ती मुंबईत पुन्हा रंगमंचावर उभी राहिली. पुढे तिच्या जीवनावर ‘मयूरी’ हा तेलुगू आणि ‘नाचे मयूरी’ हा हिंदी चित्रपट निघाला आणि दोन्हींत तिनेच भूमिका केली. या घटनेचे वर्णन नेहमी एकट्या जिद्दीची कथा म्हणून केले जाते. जिद्द होतीच, पण नाचता येईल का, हा प्रश्न हसण्यावारी न नेणारा डॉक्टर तिला भेटला नसता, तर त्या जिद्दीला उभे राहायला जागा मिळाली नसती.

भूसुरुंगांनी पोखरलेल्या देशांमध्ये हे पाऊल गेले ते याच स्वभावामुळे, म्हणजे स्थानिक हातांना करता येण्याजोगे असल्यामुळे. अफगाणिस्तानातले कारागीर तोफगोळ्यांची रिकामी कवचे ठोकून आणि कंबोडियातले कारागीर ट्रकच्या टायरचे रबर वापरून या पायाचे भाग करतात, असे ‘टाइम’ साप्ताहिकाने १९९७ मध्ये नोंदवले होते. ज्या युद्धाने पाय नेला त्यातल्याच तोफगोळ्याच्या पत्र्यातून पाय घडावा, याहून मोठे आशेचे उदाहरण शोधायला जावे लागत नाही.

असे असले तरी या कथेतली एक उणीव लपवून चालणार नाही. मॅगसेसे पुरस्कार, पद्मश्री आणि जगभरची कीर्ती प्रामुख्याने सेठींच्या वाट्याला आली. शर्मांचे नाव अभ्यासकांना आणि जयपूरकरांना ठाऊक राहिले, परंतु पुरस्कारांच्या यादीत ते त्या मानाने कुठेच नाही. सेठींनी त्यांचे श्रेय नाकारले नव्हते, मात्र पदवी असलेल्या माणसाला शोधक आणि हाताने काम करणाऱ्याला मदतनीस समजण्याची आपल्या समाजाची खोड एका मैत्रीने मोडण्याइतकी कच्ची नाही. दुसरी अडचण पायाच्या मोकळेपणातूनच आली. सेठींनी त्याचे पेटंट, म्हणजे उत्पादनाचा एकाधिकार, घेतले नाही. त्यामुळे तो कोणालाही करता आला आणि तो स्वस्त राहिला. पण त्याच कारणाने कोणी हलके रबर वापरले किंवा ठसा घाईत घेतला तरी त्याला अडवण्याचे साधन उरले नाही. मोठ्या शिबिरांतून शेकड्यांनी पाय वाटले जातात तेव्हा ही भीती अधिक असते, कारण पाय बसवणे हे कामाचे अर्धेच अंग आहे. स्टंप काळाबरोबर आकसतो, तो ज्यात बसतो ती खोबण सैल होते, रबर झिजते, आणि शिबिर तोवर दुसऱ्या गावी गेलेले असते. पेटंट न घेण्याचा निर्णय तरीही योग्यच होता. कमतरता आहे ती गावाजवळ दुरुस्ती करून देणाऱ्या प्रशिक्षित हातांची.

डॉ. सेठी जानेवारी २००८ मध्ये निवर्तले. काम त्यांच्यानंतरही पुढे चालू आहे. गुडघ्याच्या वर पाय कापलेल्यांसाठी स्टॅनफर्ड विद्यापीठातील विद्यार्थ्यांनी समितीच्या सहकार्याने तेलयुक्त नायलॉनचा एक स्वस्त गुडघा तयार केला आणि ‘टाइम’ने २००९ च्या उत्कृष्ट शोधांत त्याची गणना केली. पोलिओ देशातून गेला. त्याच्या जागी आता मधुमेहाने चिघळलेल्या जखमा, रस्त्यावरचे अपघात आणि मुंबईच्या लोहमार्गांवरील अपघात यांमुळे पाय गमावणारी माणसे येत आहेत. त्यांपैकी अनेकांना असा पाय विनामूल्य मिळतो हेच माहीत नसते, आणि माहीत असले तरी ओळखीशिवाय किंवा चिठ्ठीशिवाय आत घेणार नाहीत अशी त्यांची समजूत असते.

म्हणून वाचकांना एक विनंती. नात्यात, वाडीत, सोसायटीच्या फाटकाशी किंवा शेताच्या वाटेवर कुबड्यांवर चालणारे कोणी असेल, तर त्याला हे सांगावे की जयपूरच्या समितीत पाय बसवण्याचे पैसे लागत नाहीत, शिफारसपत्र लागत नाही आणि सोबतच्या माणसाचीही सोय होते. मुंबईत हाजीअलीजवळ केंद्र सरकारची भौतिक चिकित्सा व पुनर्वसन संस्था आहे, पुण्यात साधू वासवानी मिशनचे कृत्रिम अवयव केंद्र आहे. शक्य झाल्यास पहिल्या खेपेला त्याच्यासोबत जावे. आणि वर्षभराने, पाय ढिला झाला आहे का, टोचतो का, एवढे त्याला आठवणीने विचारावे, कारण दुरुस्तीसाठी परत जायला बहुतेकांना संकोच वाटतो.